बेकाराची कसोटी

चेन्नई शहरात चेपॉकहून मैलापूरकडे उन्नत रेल्वेने जाताना रुळांच्या खांबांखाली काळवंडलेले, जवळजवळ न हलणारे पाणी दिसते. अनेक ठिकाणी ते खांब त्या पाण्याच्या पात्रातच रोवलेले आहेत. हा बकिंगहॅम कालवा. एके काळी यातून मीठ, भात आणि जळाऊ लाकूड यांनी भरलेले पडाव शिडे उभारून किंवा दोरांनी ओढत शहरात येत. संपूर्ण कालव्याची लांबी चारशे किलोमीटरांहून अधिक आहे आणि त्याच्या उत्तरेकडील भागाचा आरंभ १८०६ पर्यंत मागे जातो. परंतु शहराच्या आतून जाणारा, कूवम आणि अड्यार या दोन नद्यांना जोडणारा सुमारे आठ किलोमीटरांचा तुकडा १८७७–७८ या काळातला आहे. दुष्काळाने ज्यांचे काम हिरावून घेतले होते अशा माणसांच्या हातांनी तो खणला गेला. कालव्याला नाव मिळाले ते मात्र त्या वेळचे मद्रासचे गव्हर्नर ड्यूक ऑफ बकिंगहॅम यांचे.

या आठ किलोमीटरांत एका जुन्या प्रश्नाचा इतिहास साठलेला आहे. ज्याचे काम गेले आहे असा माणूस सरकारच्या दारात उभा राहिला, तर सरकारने त्याला काय द्यावे, हा त्या प्रश्नाचा अर्धा भाग होय. उरलेला अर्धा भाग अधिक अवघड आहे. दारात आलेला माणूस खरोखरच गरजू आहे, हे सरकारने कसे ओळखावे? आज बेकारी भत्त्याचा अर्ज करणाऱ्या कामगारापुढे जो कागद ठेवला जातो, त्यातील रकाने या दुसऱ्या प्रश्नातून निघालेले आहेत. मद्रासेत १८७७ साली कागदाची जागा कुदळीने घेतली होती, एवढाच फरक.

मद्रास शहराला भुकेल्यांची रांग नवीन नव्हती. १७८१–८२ च्या सुमारास हैदर अलीच्या स्वारीमुळे आसपासचा मुलूख उजाड झाला, शेतकरी शहरात धावले आणि त्यांच्यासाठी तटाबाहेर कांजी वाटण्याची सोय झाली. त्यातून निघालेल्या धर्मशाळेला ‘मोनेगार चौलट्री’ असे नाव पडले. गावच्या मुख्याला तमिळ भाषेत ‘मणियक्कारर’ म्हणतात. त्याचेच हे इंग्रजी जिभेवर वळलेले रूप. त्या जागेच्या परिसरात पुढे रुग्णालय उभे राहिले आणि ते आज स्टॅन्ली रुग्णालय म्हणून प्रसिद्ध आहे. तरीही ‘कांजी तोट्टी’ हे त्याचे लोकांच्या तोंडचे नाव कितीतरी काळ टिकून राहिले. तोट्टी म्हणजे मोठे भांडे किंवा हौद. कांजीच्या त्या भांड्यापाशी येणाऱ्याला आपली गरज सिद्ध करावी लागत नसे; भूक हाच पुरावा होता.

एकोणिसाव्या शतकात हा पुरावा अपुरा ठरू लागला. १८३४ साली इंग्लंडमध्ये गरिबांसंबंधीचा नवा कायदा झाला. त्याच्या मुळाशी असलेले तत्त्व असे, की सरकारी मदतीवर जगणाऱ्याची स्थिती स्वतःच्या श्रमावर जगणाऱ्या हीनातल्या हीन मजुराहूनही कमी सुखाची असली पाहिजे. मदत इतकी कडू करावी, की अगदी निरुपाय झाल्यावाचून कोणी ती तोंडाला लावणार नाही. त्यासाठी गरीबखाने बांधले गेले. त्या भिंतींच्या आत जाण्यास जो तयार होईल तो खरा गरजू, अशी ही कसोटी होती. हिंदुस्थानात येणारे तरुण मुलकी अधिकारी हेच अर्थशास्त्र शिकून येत. येथे लक्षावधींसाठी भिंती बांधणे शक्य नव्हते, म्हणून भिंतींचे काम अंतर आणि श्रम यांच्याकडे सोपविण्यात आले.

१८७६ साली मद्रास इलाख्यात नैर्ऋत्येचा पाऊस अपुरा पडला आणि ऑक्टोबरनंतरच्या ईशान्येच्या पावसानेही दगा दिला. बेल्लारी, कर्नूल, कडप्पा, उत्तर अर्काट, चिंगलपट, सेलम या जिल्ह्यांत पेरण्या बुडाल्या. पेरणी बुडाली की पहिला बळी पडतो तो मजूर. ज्याच्या घरी कणगी आहे तो शेतकरी काही महिने तग धरतो. ज्याला रोजच्या कामावर रोजचे धान्य मिळते, त्याचे काम आणि धान्य एकाच दिवशी संपते. त्याच्यामागोमाग विणकर जातो, कारण धान्याचे भाव चढले की कापड विकत घेणारा उरत नाही. माणसे शहराकडे चालू लागली. मद्रासेतील सधन गृहस्थांनी अन्नछत्रे उघडली, सरकारनेही स्वयंपाकघरे चालविली आणि शहराबाहेर रेड हिल्ससारख्या ठिकाणी छावण्या उभ्या राहिल्या. इलाखाभर रस्ते, तळी आणि कालवे यांची कामे सुरू झाली व त्यांवर लाखो माणसे लोटली.

मद्रास सरकारने याच वेळी अर्बथनॉट या व्यापारी पेढीमार्फत तीस हजार टन धान्य गुपचूप खरेदी केले. गुप्ततेचे कारण उघड होते. सरकारने धान्यबाजारात हात घालू नये, असा वरिष्ठ सरकारचा दंडक होता. बातमी कळताच कलकत्त्याहून नापसंती आली. व्हाइसरॉय लॉर्ड लिटन यांचे लक्ष त्या दिवसांत १ जानेवारी १८७७ च्या दिल्ली दरबाराच्या तयारीकडे होते. अफगाण सरहद्दीचा खर्चही डोळ्यांपुढे होता. मद्रासचा खर्च आटोक्यात आणण्यासाठी त्यांनी सर रिचर्ड टेंपल यांना खास प्रतिनिधी म्हणून दक्षिणेत धाडले.

टेंपल यांची ही निवड मोठी अर्थपूर्ण होती. १८७३–७४ च्या बिहारातील दुष्काळात त्यांनीच ब्रह्मदेशातून तांदूळ आणवून मुक्तहस्ताने मदत केली होती आणि तेथे भूकबळी जवळजवळ पडलेच नाहीत. या यशाबद्दल त्यांच्या वाट्याला शाबासकीऐवजी उधळेपणाचा ठपका आला होता. इंग्लंडातील वर्तमानपत्रांनी त्यांच्यावर टीकेचा भडिमार केला. तो डाग धुऊन काढण्याची संधी त्यांना मद्रासेत मिळाली. सुस्वभावी, कामसू, हुशार असा हा अधिकारी. परंतु एकदा दया दाखविल्याची शिक्षा ज्याला झाली आहे, तो दुसऱ्यांदा दया दाखविताना कचरतो. राज्यकारभारातील हा एक कटू नियम टेंपल यांच्या बाबतीत खरा ठरला.

जानेवारी १८७७ मध्ये त्यांनी जो दर सुचविला तो ‘टेंपल मजुरी’ या नावाने इतिहासात राहिला. दिवसभराच्या कामासाठी पुरुषाला एक रत्तल, म्हणजे सुमारे साडेचारशे ग्रॅम धान्याची किंमत आणि वर एक आणा. स्त्रिया व मुले यांना त्याहून कमी. यासोबत दोन कसोट्या होत्या. पहिली श्रमाची: धडधाकट माणसाने ठरलेले काम पुरे केलेच पाहिजे. दुसरी अंतराची: घराजवळच्या लहान कामावर त्याला घेऊ नये, दहा मैलांपलीकडील मोठ्या कामावर पाठवावे आणि तेथेच मुक्काम करावयास लावावा. घर, गुरे, म्हातारी माणसे सोडून इतक्या दूर जो येईल तोच खरा गरजू, असे हे गणित होते. ज्याला चालवत नाही, खणवत नाही, त्याच्यासाठी फुकट शिध्याची सोय होती. पण कोण त्या वर्गात बसतो हे गावचा मुखिया आणि पाहणीस आलेला अधिकारी ठरवीत. रांगेतून चालत जाणाऱ्याच्या अंगाकडे पाहून एका नजरेत निवाडा होई. मांड्यांवर मांस दिसले तर कुदळ. बरगड्या दिसल्या तर कांजी.

या गणिताला विरोध झाला तो सरकारी यंत्रणेच्या आतूनच. मद्रास इलाख्याचे आरोग्य आयुक्त डॉ. विल्यम कॉर्निश यांनी एक साधा प्रश्न विचारला: एक रत्तल धान्यावर माणूस दिवसभर खणू शकतो काय? तुरुंगातील कैद्याला याहून अधिक अन्न मिळते, हे त्यांनी आकड्यांनिशी दाखविले. निदान दीड रत्तल धान्य, त्याबरोबर डाळ आणि भाजीपाला असावा, असे त्यांचे म्हणणे होते. टेंपल यांनी उत्तर दिले, कॉर्निश यांनी प्रत्युत्तर दिले आणि दोन अधिकाऱ्यांतील हा वाद खलित्यांच्या चळतीतून महिनोन्महिने चालला. एका बाजूला खजिन्याची चिंता होती, दुसऱ्या बाजूला शरीरशास्त्र. पूर्ण मजुरी हवी तर पूर्ण काम हवे आणि पूर्ण कामाला लागणारी ताकद त्या मजुरीत येत नव्हती. त्यामुळे माणूस पहिल्या आठवड्यात काम करी, दुसऱ्यात रेंगाळे, तिसऱ्यात कमी मजुरीच्या टोळीत टाकला जाई आणि पुढे छावणीच्या दवाखान्यात दिसे. मद्रासेतील छावण्यांत डॉ. अलेक्झांडर पोर्टर यांनी मृतांची शवविच्छेदने केली. आतड्यांची अस्तरे झिजून गेलेली त्यांना आढळली. अशा शरीराला पुढे अन्न दिले तरी ते पचत नसे. कसोटीला उतरेपर्यंत वाट पाहण्याचा अर्थ काय होतो, हे त्या नोंदींइतके स्पष्ट क्वचितच कोठे लिहिले गेले असेल.

अखेर मद्रास सरकारने निम्मी माघार घेतली. धान्य सव्वा रत्तलापर्यंत वाढविण्यात आले आणि त्यात थोडी डाळ घालण्यात आली. विणकरांच्या बाबतीत तर सरकारला आपले तत्त्वच बाजूला ठेवावे लागले. मागावर बसणाऱ्या माणसाचे हात दगड फोडण्याने निकामी झाले, तर दुष्काळ सरल्यावरही तो स्वतःच्या धंद्याला मुकणार, हे उघड होते. म्हणून त्यांना सूत पुरवून त्यांचे कापड विकत घेण्याची व्यवस्था झाली. काम गेलेल्या माणसाला पोट भरण्यापुरते काही तरी काम देणे ही एक गोष्ट. त्याचे कसब जिवंत राहील अशी मदत देणे ही दुसरी. हा भेद सरकारी दप्तरात प्रथम मान्य झाला तो अशा लहानशा अपवादाच्या रूपाने.

याच महिन्यांत मुंबई इलाख्याच्या दुष्काळी भागात निराळेच नाट्य घडत होते. तेथेही जानेवारी १८७७ मध्ये टेंपल मजुरी लागू झाली. त्यावर दख्खनच्या भुकेल्या मजुरांनी जे केले, त्याने सारे अधिकारी चक्रावून गेले. एक लाखाहून अधिक माणसांनी कामे सोडली. घरी अन्नाचा कण नसताना, अपुऱ्या मजुरीवर दूर जाऊन खपण्याचे त्यांनी शांतपणे नाकारले. पुण्याची सार्वजनिक सभा त्यांच्या पाठीशी उभी राहिली. सार्वजनिक काका, म्हणजेच गणेश वासुदेव जोशी, यांच्या पुढाकाराने चालणाऱ्या या सभेने गावोगावची माहिती गोळा करून सरकारकडे अर्जांमागून अर्ज धाडले. त्या अर्जांची भाषा नम्र होती, परंतु त्यांतील मागणी नवी होती. मदत ही कृपा नसून राज्यकर्त्याचे कर्तव्य आहे आणि मजुरी किती असावी याला माणसाच्या शरीराची गरज हेच माप आहे, असा त्यांचा आशय होता. गंमत अशी, की १८७७ च्या मे महिन्यात खुद्द टेंपलच मुंबईचे गव्हर्नर होऊन आले.

ऑगस्टच्या अखेरीस लॉर्ड लिटन स्वतः मद्रासेत दाखल झाले. शहरालगतच्या छावण्या पाहून त्यांनी आपल्या पत्नीला जे पत्र लिहिले, त्यात त्या छावण्यांची तुलना मौजेच्या सहलींशी केली आहे. तेथील माणसे काही न करता लठ्ठ होत आहेत, असे त्यांना वाटले. एकच दृश्य डॉ. पोर्टर यांनी शवागाराच्या बाजूने पाहिले आणि व्हाइसरॉयांनी पाहुण्याच्या बाजूने. मदत घेणारा माणूस आळशी असतो, ही समजूत मनात धरून पाहणाऱ्याला छावणीत आळसच दिसतो. त्याच महिन्यात मद्रासच्या नागरिकांच्या आवाहनावरून लंडनच्या लॉर्ड मेयरने निधी उभारला. ‘मद्रास टाइम्स’चे संपादक विल्यम डिग्बी यांनी त्याच्या कामात पुढाकार घेतला आणि नंतर या दुष्काळाची हकीकत दोन खंडांत लिहून ठेवली. या निधीतून बियाणे, बैल, घरांची छपरे आणि अवजारे यांसाठी पैसे दिले गेले. दुष्काळ संपल्यावर माणसाला पुन्हा उभे राहता यावे, हा त्यामागील विचार होता.

दुष्काळ ओसरला तेव्हा हिशेब मांडण्यात आला. ब्रिटिश मुलखात पन्नास लाखांहून अधिक माणसे अकाली मरण पावली, असा १८८० च्या दुष्काळ आयोगाचाच अंदाज होता. सर रिचर्ड स्ट्रॅची यांच्या अध्यक्षतेखालील या आयोगात दोन हिंदी सभासद होते: म्हैसूरचे सी. रंगाचार्लु आणि कोल्हापूरचे कारभारी महादेव वासुदेव बर्वे. आयोगाच्या अहवालातील एक निष्कर्ष फार मोलाचा आहे. पाऊस गेला की प्रथम शेतातील काम थांबते व मजुरी बंद होते. म्हणून दुष्काळ हा जितका धान्याचा, तितकाच किंबहुना अधिक कामाचा दुष्काळ असतो, हे त्याने ओळखले. त्यावरून १८८३ पासून दुष्काळी संहिता तयार झाल्या. माणसे खंगण्यापूर्वीच कामे सुरू करावीत, मजुरी प्रकृती टिकविण्याइतकी असावी आणि अपंगांना त्यांच्या गावातच मदत पोहोचवावी, असे नियम छापले गेले. कसोटी मात्र राहिली. ती थोडी माणसाळली, इतकेच.

यानंतरची पावले झपाट्याने सांगता येतील. १९११ मध्ये ब्रिटनने काही धंद्यांतील कामगारांसाठी बेकारीचा विमा सक्तीचा केला. काम गेलेल्याला आठवड्याला सात शिलिंग, वर्षात फार तर पंधरा आठवडे मिळत. येथे दगड फोडण्याची अट नव्हती. रोजगार विनिमय केंद्रात नाव नोंदवून हजेरी लावावी लागे. कुदळीच्या जागी वही आली. हिंदुस्थानात १९४४ साली प्रा. बी. पी. आडारकर या अर्थशास्त्रज्ञांनी औद्योगिक कामगारांच्या आरोग्यविम्याची योजना सरकारला सादर केली. डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्या वेळी व्हाइसरॉयच्या कार्यकारी मंडळात मजूरखाते सांभाळीत होते. त्या योजनेच्या पायावर १९४८ चा कर्मचारी राज्य विमा कायदा उभा राहिला. आजारपण, बाळंतपण आणि कामावरील अपघात ही संकटे त्याने अंगावर घेतली. नोकरी जाण्याचे संकट घेतले नाही. १९५३ मध्ये औद्योगिक कलह कायद्यात दुरुस्ती होऊन कपातीत निघालेल्या कामगाराला नोकरीच्या प्रत्येक पुऱ्या वर्षामागे पंधरा दिवसांचा पगार देण्याचे बंधन मालकावर आले. हा भार मालकाचा होता. बेकाराचा अर्ज घेणारी सरकारी खिडकी अद्याप उघडली नव्हती. पेरांबूरच्या बकिंगहॅम आणि कर्नाटक या गिरण्यांत १९१८ साली मद्रास मजूर संघाचा जन्म झाला होता. त्या गिरण्या १९९६ मध्ये बंद पडल्या तेव्हाही ती खिडकी बंदच होती. त्याच वर्षी शहराचे नाव मद्रासचे चेन्नई झाले.

महाराष्ट्राने निराळी वाट काढली. वि. स. पागे यांनी तासगाव तालुक्यात आधी लहान प्रमाणावर जो प्रयोग केला होता, त्यातून १९७२ च्या भीषण दुष्काळाच्या तोंडावर रोजगार हमी योजना सुरू झाली. १९७७ साली तिचा कायदा झाला व २६ जानेवारी १९७९ पासून तो अमलात आला. १८७७ ते १९७७: बरोबर शंभर वर्षे. काम मागणाऱ्याला पंधरा दिवसांत काम द्यावे, न दिल्यास बेकारी भत्ता द्यावा, असे त्यात लिहिले होते. भत्ता अगदी थोडका होता. पण तो न दिल्याची चूक आता सरकारच्या पदरी पडत होती. पुढे २००५ च्या केंद्रीय रोजगार हमी कायद्याने काम घरापासून पाच किलोमीटरांच्या आत असावे आणि त्यापलीकडे न्यावे लागल्यास मजुरी दहा टक्क्यांनी वाढवावी, असे ठरविले. टेंपल यांच्या दहा मैलांना मिळालेले हे उत्तर होते. जे अंतर मागणाऱ्याला हटविण्यासाठी योजले गेले, त्याचीच भरपाई आता सरकारला करावी लागणार होती.

कारखान्यांतील विमेदार कामगारासाठी खिडकी उघडली ती १ एप्रिल २००५ रोजी, राजीव गांधी श्रमिक कल्याण योजनेने. कारखाना बंद पडल्यास किंवा कपात झाल्यास पगाराच्या निम्मा भत्ता आरंभी सहा महिन्यांपर्यंत ठेवण्यात आला. मात्र त्याआधी पाच वर्षे वर्गणी भरलेली असणे आवश्यक होते. २०१८ मध्ये तिच्या जोडीला अटल विमित व्यक्ती कल्याण योजना आली. तीत पगाराच्या चौथ्या हिश्शाइतका भत्ता नव्वद दिवसांपर्यंत मिळे आणि काम गेल्यावर नव्वद दिवस थांबावे लागे. शिवाय अर्ज जुन्या मालकामार्फत पाठवावा लागे. ज्याने कामावरून काढले त्याच्याच दाराशी सहीसाठी पुन्हा उभे राहणे, हीदेखील एक दहा मैलांची वाट होती. २०२० मध्ये महामारीने कारखाने बंद पाडल्यावर ही अट काढण्यात आली, थांबण्याची मुदत तीस दिवसांवर आणली गेली आणि भत्ता निम्म्या पगाराइतका झाला. १८७७ प्रमाणेच येथेही संकट डोक्यावर आल्यानंतर कसोटी सैल झाली.

कसोटीवाचून कोणतेही सरकार मदत वाटू शकत नाही, हे खरे आहे. खजिना अमर्याद नसतो आणि खोटे अर्जही येतात. परंतु प्रत्येक कसोटी दोन प्रकारे चुकू शकते. ज्याला गरज नाही त्याच्या हाती पैसा पडतो, ही एक चूक. ज्याला गरज आहे तो दारातून परततो, ही दुसरी. पहिल्या चुकीचा आकडा हिशेबतपासनीस शोधून काढतो आणि तो वर्तमानपत्रांत छापला जातो. दुसऱ्या चुकीचा आकडा कोणत्याच वहीत उतरत नाही, कारण जो परत गेला त्याची नोंद होत नाही. म्हणून पहिली चूक टाळण्यात शासनाचे सारे कौशल्य खर्ची पडते. बिहारात टेंपल यांच्यावर पहिल्या चुकीचा आरोप आला होता. मद्रासेत ती टाळताना दुसरी घडली आणि तिचा हिशेब जनगणनेत लागला.

कूवमपासून अड्यारपर्यंतचा तो कालवा आज वाहतुकीच्या उपयोगाचा राहिलेला नाही. त्याच्या काठाने रोज हजारो माणसे कामाला जातात आणि त्यांतील एखाद्याचे काम उद्या सुटले, तर तोही एखाद्या कार्यालयाच्या खिडकीशी अर्ज घेऊन उभा राहील. त्याला कुदळ उचलावी लागणार नाही. खिडकीमागे बसलेल्या माणसाने मात्र कागदावरील रकाने तपासताना एवढे ध्यानात ठेवावयास हवे, की त्यांतील प्रत्येक रकान्याजागी पूर्वी चालावयाचे मैल होते, आणि काही माणसे ते चालता चालता वाटेतच राहिली.